काल्पनिक जगासाठी रंगविद्या कशी रचावी

काल्पनिक जग रचणारे बहुतेक लेखक रंगांकडे सर्वांत शेवटी वळतात. राज्ये, नद्या, देव आणि युद्धे ठरून झाली की मग एखाद्या पंथाला जांभळी वस्त्रे मिळतात, एखाद्या मांत्रिकाच्या बोटांतून हिरवा प्रकाश निघतो, आणि लाल म्हणजे क्रोध, पांढरा म्हणजे पावित्र्य अशी एक यादी तयार होते. एवढ्यावर रंगांची विद्या उभी राहत नाही. विद्या म्हटली की तिला साधने लागतात, ती शिकायला वर्षे जातात, तिच्यात प्रयोग फसतात, जाणकारांचे आपसांत पटत नाही आणि तिच्यावर कोणाचे तरी पोट चालते. या लेखात अशी विद्या रचण्याचा एक क्रम मांडला आहे. आधी उजेड, मग डोळा, मग द्रव्य आणि धंदा, त्यानंतर सिद्धांत, आणि रंगांचे अर्थ अगदी शेवटी, असा तो क्रम आहे.

उजेड

वस्तूवर पडलेल्या प्रकाशातला काही भाग ती शोषून घेते, उरलेला परत फेकते, आणि या उरलेल्या भागावरून आपल्याला रंग दिसतो. उजेडात जे नाहीच ते वस्तू परत फेकू शकत नाही. हे तत्त्व साधे असले तरी रंगविद्या रचणाऱ्याचे निम्मे काम त्यातूनच होते. म्हणून आपल्या जगात उजेड कशाचा आहे, तो कोणत्या वेळी बदलतो आणि कोणत्या माणसांना कोणता उजेड परवडतो, हे सर्वांत आधी लिहून काढावे.

येथे एक चूक नेहमी होते. आकाशात तांबडा सूर्य ठेवला की लेखक सगळे जग लालसर करून मोकळा होतो. प्रत्यक्षात अशा तांबड्या सूर्यांचे, म्हणजे लहान आणि तुलनेने थंड अशा लाल बटू ताऱ्यांचे, पृष्ठतापमान साधारण २,५०० ते ४,००० केल्विन असते, आणि विजेच्या जुन्या पिवळ्या दिव्यातली तार साधारण २,७०० केल्विनपर्यंत तापते. त्या दिव्याखाली पांढरा कागद आपल्याला पांढराच वाटत आला आहे, कारण डोळा आणि मेंदू भोवतालच्या उजेडाशी जुळवून घेतात. तांबड्या सूर्याखाली वाढलेल्या माणसांनाही कागद पांढराच वाटेल. फरक पडेल तो निळ्या छटांमध्ये, कारण अशा उजेडात निळा भाग तोकडा असतो आणि गडद निळे कापड काळ्यापासून वेगळे काढणे अवघड जाते. कथेच्या दृष्टीने पाहिले तर सरसकट लाल जगापेक्षा निळ्या-काळ्याचा हा घोळ कितीतरी अधिक कामाचा आहे.

पुढचे सारे विवेचन एका उदाहरणावर चालवू. एका अजस्र गुहेत एक नगर वसलेले आहे. गुहेच्या छतात एक लांब, अरुंद विवर आहे आणि सूर्य त्याच्या रेषेत आला की दिवसातून एक घटका, म्हणजे २४ मिनिटे, थेट ऊन तळापर्यंत पोहोचते. एरवी आकाशाचा मंद उजेड वरच्या वर विरतो आणि नगरात भिंतींवरच्या चमकणाऱ्या शेवाळाचा निळसर हिरवा उजेड तेवढा असतो. त्या उजेडात तांबडा भाग जवळजवळ नाही. त्यामुळे तांबडे वस्त्र तेथे काळे दिसते आणि ऊन आले की घटकाभर तांबडे होते.

एवढा एक निर्णय घेतला की पुढच्या गोष्टी त्यातून निघू लागतात. या नगरातले करार काळ्या शाईने लिहिलेले असतील आणि त्यांवर तांबडी मोहोर असेल; शेवाळाच्या उजेडात दोन्ही काळीच दिसतील आणि मोहोर खरी की खोटी हे उन्हाच्या घटकेतच कळेल. आभाळ भरून आले तर व्यवहार दुसऱ्या दिवसावर जातील. शिवाय सूर्याची उंची ऋतूनुसार बदलत असल्याने वर्षातले काही महिने ती घटका येणारच नाही, म्हणजे करारांचा एक हंगाम असेल आणि त्या हंगामाबाहेर घेतलेले कर्ज निव्वळ विश्वासावर असेल.

चाणाक्ष वाचक येथे विचारील की कोणी मशाल पेटवली तर काय. आगीच्या उजेडात तांबडा भाग भरपूर असतो, मोहोर लगेच दिसेल आणि घटकेचे महत्त्वच संपेल. असा आक्षेप सुचला की तो टाळू नये. त्याचे उत्तर शोधताना जग अधिक भक्कम होते. आपण असे ठरवू की गुहेच्या खडकांतून ज्वालाग्राही वायू झिरपतो, म्हणून तेथे आग निषिद्ध आहे आणि चुली, भट्ट्या, लोहारकाम सगळे वर पठारावर चालते. कोळशाच्या खाणींत ही भीती खरोखरच असते. तिच्यावर उपाय म्हणून इंग्लिश रसायनशास्त्रज्ञ हम्फ्री डेव्ही यांनी १८१५ मध्ये जाळीने वेढलेला सुरक्षादीप तयार केला. असा एखादा दीप कोणी आपल्या गुहेत आणला तर मोहोरांवर चालणारी सगळी न्यायव्यवस्था कोलमडेल, आणि ज्याला कथानक सापडत नाही त्याने येथेच थांबून लिहायला बसावे.

डोळा

उजेडानंतर पाहणारा कोण हे ठरवावे. माणसाच्या डोळ्यात रंग ओळखणाऱ्या शंकुपेशी तीन प्रकारच्या असतात आणि साधारण ३८० ते ७५० नॅनोमीटर तरंगलांबीचा प्रकाश त्याला दिसतो. मधमाशीला अतिनील दिसतो, पण तांबडा दिसत नाही. आपल्या जगात माणसांखेरीज दुसरी बुद्धिमान जात असेल तर तिला दिसणाऱ्या रंगांची मर्यादा आधी आखावी. माणसांपेक्षा अधिक रंग दिसणारी जात सर्वांना सुचते, पण कमी रंग दिसणारी आणि तरीही रंगकामात सरस असलेली जात हाताळायला अधिक रंजक आहे.

माणसाच्या डोळ्याच्या दोन खोडी मात्र प्रत्येक रंगविद्येत असायलाच हव्यात. पहिली संधिप्रकाशातली. उजेड कमी होत गेला की डोळ्याची संवेदनक्षमता निळ्या बाजूला सरकते. दुपारी ठसठशीत दिसणारे तांबडे फूल तिन्हीसांजेला काळवंडते आणि शेजारचे निळे फूल त्यामानाने उजळ वाटू लागते. चेक शास्त्रज्ञ पुर्किन्ये यांच्या नावाने हा परिणाम ओळखला जातो. यावरून सैन्यासाठी एक नियम सहज बनवता येतो, तो म्हणजे तांबडे निशाण सूर्यास्तापूर्वी उतरवून निळे चढवावे. सैनिक या नियमाचे कारण देवाची आज्ञा म्हणून सांगतील आणि रंगारी डोळ्याची खोड म्हणून सांगतील.

दुसरी खोड शेजाराची. मिशेल शेव्ह्रल हे रसायनशास्त्रज्ञ भिंतीवर टांगायचे चित्रपडदे विणणाऱ्या पॅरिसच्या गोबलँ कारखान्यात रंगविभागाचे प्रमुख असताना काळा धागा फिका पडतो अशी तक्रार त्यांच्याकडे आली. तपासाअंती धाग्यात दोष निघाला नाही. निळ्या आणि जांभळ्या धाग्यांच्या शेजारी विणल्यामुळे तो काळा दुबळा दिसत होता. या निरीक्षणातून पुढे वाढलेला त्यांचा अभ्यास १८३९ मध्ये प्रसिद्ध झाला. काल्पनिक विद्यापीठातल्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला हाच धडा द्यावा: करड्या कापडाचे दोन सारखे तुकडे, एक पिवळ्यावर आणि एक निळ्यावर ठेवलेला, आणि ते सारखेच आहेत हे न मानणारा हट्टी विद्यार्थी.

द्रव्य आणि हात

या टप्प्यावर घाई करू नये. रंग कोठून येतो, म्हणजे झाडाच्या मुळातून, दगडातून, किड्यातून की शिंपल्यातून, आणि तो कापडाला कसा धरतो, हे कळल्याशिवाय पात्रांच्या हातांना काम मिळत नाही.

निळीचे उदाहरण घ्यावे, कारण तिच्यात जादूला शोभेल असे नाट्य मुळातच आहे. नीळ पाण्यात विरघळत नाही, त्यामुळे तिची पूड पाण्यात कालवून कापड बुडवले तर रंग वरवर बसतो आणि धुताना निघून जातो. तिला क्षारयुक्त पाण्यात आंबवावे लागते. आंबताना पाण्यातला प्राणवायू संपतो, नीळ विरघळणाऱ्या रूपात जाते, आणि रांजणातले पाणी निळे न राहता पिवळसर हिरवे होते, वर तांबूस चमकणारी साय धरते आणि उग्र वास सुटतो. कापड हळूच, बुडबुडे न उठू देता आत सोडावे लागते, कारण हवा शिरली की रांजण बिघडतो. बाहेर काढलेले कापड पिवळट हिरवे असते. हवा लागताच कडांपासून आत हिरवा सरत जातो आणि पाहता पाहता सगळे कापड निळे होते. गडद छटा हवी असेल तर कापड तासन्‌तास आत ठेवून भागत नाही, पुन्हापुन्हा बुडवून प्रत्येक वेळी हवा द्यावी लागते. अनुभवी रंगारी रांजण तयार आहे की नाही हे वासावरून आणि सायीच्या चकाकीवरून ओळखतो. त्याची नखे कायमची निळी असतात.

मंजिष्ठा या वनस्पतीची तऱ्हा वेगळी आहे. तिच्या मुळांचा रंग कापडाला स्वतःहून नीट धरत नाही. आधी कापडाला तुरटीचे पाणी पाजावे लागते, मग मुळांच्या गरम अर्कात ते बराच वेळ ठेवावे लागते. तुरटीऐवजी हिराकस, म्हणजे लोहाचा एक क्षार, वापरला तर त्याच मुळांतून तांबड्याऐवजी जांभळट, काळपट छटा निघतात. एका मुळातून दोन रंग निघतात आणि फरक करणारे द्रव्य स्वतः रंगहीन किंवा वेगळ्याच रंगाचे असते, ही गोष्ट विद्येतले गुपित म्हणून फार उपयोगी पडते. मुळे सगळ्यांना ठाऊक असतील, तुरटीची खाण मात्र एकाच घराण्याच्या ताब्यात असेल.

आता हे ज्ञान गुहेतल्या नगराला लावून पाहावे. मंजिष्ठेला आच लागते आणि गुहेत आग निषिद्ध आहे, म्हणजे तांबडा रंग वर पठारावरच तयार होणार. निळीचा रांजण कोमट उबेवर आंबतो, त्याला ज्वाळेची गरज नाही, म्हणून निळा रंग गुहेत खाली होऊ शकतो. अशा रीतीने रंगाऱ्यांच्या दोन जमाती आपोआप तयार झाल्या. वरच्या रंगाऱ्यांना दिवसभर तांबडा दिसतो आणि मोहोरांची शाई त्यांच्याच हातात असते, म्हणून खालच्या लोकांना त्यांचा धाक वाटतो आणि संशयही येतो. खालच्या निळाऱ्यांना कापड निळे होताना दिसते ते केवळ उजळ कापड गडद होत जाताना, म्हणून त्यांच्या बोलीत त्या क्रियेला निळा होणे म्हणत नाहीत, मावळणे म्हणतात.

आणखी एक युक्ती येथे नोंदवून ठेवावी. वेगवेगळ्या द्रव्यांनी रंगवलेली दोन कापडे एका उजेडात हुबेहूब सारखी आणि दुसऱ्या उजेडात वेगळी दिसू शकतात, कारण डोळ्याला प्रकाशाचे सगळे घटक सुटे मोजता येत नाहीत, तीन प्रकारच्या पेशींना मिळालेली गोळाबेरीज तेवढी कळते. अशा जोड्यांना आपल्या जगात जुळे रंग म्हणता येईल. जुळ्या रंगांनी विणलेल्या शालीवर भर उन्हात काहीच दिसत नाही आणि दिव्याजवळ नेली की अक्षरे उमटतात. हेरांसाठी याहून चांगले पत्र शोधून सापडणार नाही, आणि यात जादू जराही लागत नाही.

किंमत आणि टिकाऊपणा

रंग महाग का आहे हे सांगताना दुर्मीळ आहे एवढे म्हणून भागत नाही; कष्ट दाखवावे लागतात. भूमध्य समुद्रातल्या शिंपल्यांपासून मिळणारा राजेशाही जांभळा रंग तपासण्यासाठी जर्मन रसायनशास्त्रज्ञ पाउल फ्रीडलेंडर यांनी १९०९ मध्ये सुमारे १२,००० शिंपले वापरले, आणि त्यांतून हाती आले १.४ ग्रॅम रंगद्रव्य. हा आकडा कळला की त्या रंगाचा झगा घालणारा राजा वेगळा दिसू लागतो. उत्तम निळा रंग शतकानुशतके अफगाणिस्तानातल्या बदख्शानच्या खाणींतल्या लाजवर्द या निळ्या दगडापासून होत असे, आणि दगड नुसता कुटला तर करडी पूड निघत असल्याने ती पूड मेण व राळेच्या गोळ्यात मळून क्षाराच्या पाण्यात निळे कण वेगळे करावे लागत.

महाग रंगाला स्वस्त पर्याय निघणे ही त्या समाजातली मोठी उलथापालथ असते. विल्यम पर्किन हा अठरा वर्षांचा विद्यार्थी १८५६ मध्ये क्विनीन हे हिवतापावरचे औषध तयार करण्याचा प्रयत्न करत होता. त्याला क्विनीन मिळाले नाही, पण भांड्यात एक जांभळा रंग मिळाला आणि एकेकाळी राजांपुरती असलेली छटा बाजारात आली. आपल्या जगात असा क्षण कधी आला किंवा कधी येणार आहे, हे ठरवून ठेवावे. ज्या रंगावर दर्जा टिकून आहे तो कोणीही विकत घेऊ लागला तर सरदार काय करतील, हा प्रश्न युद्धाच्या कारणापेक्षा कमी महत्त्वाचा नाही. विषारी रंगही विसरू नयेत: रसायनशास्त्रज्ञ शेले यांनी १७७५ मध्ये शोधलेल्या सुंदर हिरव्या रंगात आर्सेनिक होते, आणि तरी लोकांनी तो पुढे घरांच्या भिंतींवर लावला.

रंग टिकतो किती, याची मोजणी विद्येत हवीच. वस्त्रोद्योगात यासाठी निळ्या लोकरीच्या आठ पट्ट्यांचे प्रमाण वापरतात. प्रत्येक पट्टी आधीच्या पट्टीपेक्षा उशिरा विटते, आणि नव्या कापडाचा तुकडा त्यांच्यासोबत उजेडात ठेवून तो कोणत्या पट्टीबरोबर विटला ते पाहतात. काल्पनिक रंगशाळेच्या दक्षिण भिंतीवर अशा अर्ध्या झाकलेल्या पट्ट्या टांगाव्यात. कच्चा रंग पक्का म्हणून विकणाऱ्याला शिक्षा काय, हेही त्याच भिंतीजवळ लिहिलेले असू शकते.

सिद्धांत, आणि तो कोठे चुकतो

लेखकाला खरे उत्तर ठाऊक असते, म्हणून त्याच्या पात्रांनाही ते ठाऊक होऊन बसते. हे टाळावे. न्यूटनच्या आधी युरोपात कित्येक शतके असे मानत की रंग हे उजेड आणि अंधार यांच्या मिश्रणातून होतात. विचारवंत माणसांना ते पटत होते, कारण रोजच्या अनुभवाशी ते जुळत होते. खुद्द न्यूटनने इंद्रधनुष्यात आधी पाच मुख्य रंग मोजले आणि नंतर संगीतातल्या सात स्वरांशी मेळ घालत सात केले. म्हणजे रंगांची संख्याही निसर्गातून जशीच्या तशी येत नाही. आपल्या जगात कोणती संख्या शुभ आहे ते पाहावे आणि तेथील पंडितांना तितकेच रंग सापडू द्यावेत, मग दोन रंगांची ओढाताण झाली तरी चालेल.

गुहेतले पंडित काय म्हणतील? तांबडा हा काळ्याचाच पिकलेला प्रकार आहे, ऊन लागले की काळा पिकतो आणि ऊन गेले की पुन्हा कच्चा होतो, असा त्यांचा सिद्धांत असेल, आणि त्यांच्या अनुभवाशी तो चोख जुळतो. अडचण एवढीच की काजळाचा काळा उन्हातही काळाच राहतो. त्यावर ते काजळाला वांझ काळा म्हणतील, त्याची वेगळी जात ठरवतील आणि पुढची दोनशे वर्षे कोणता काळा सफळ आणि कोणता वांझ याच्या याद्या करतील. चुकीचा सिद्धांत आणि त्याला जोडलेली ठिगळे एवढे दाखवले की विद्या खरी वाटू लागते. वरचा एखादा रंगारी खाली येऊन खरे सांगू लागला, तर त्याच्याकडे पुरावा कोणता असेल हे मात्र आधी ठरवावे. त्याला फक्त बरोबर असून चालणार नाही.

जादू कोठे घालावी

जादू घालायचीच असेल तर अशक्य गोष्ट एकच ठेवावी आणि तिला रंगकामाचे सगळे नियम लागू करावेत. समजा, कापड रंगवताना रंगाऱ्याच्या मनात जी भावना असते ती कापडात उतरते आणि नेसणाऱ्याला जाणवते. मग निळ्या वस्त्रात धैर्य उतरवायचे असेल तर प्रत्येक बुडीला तेच धैर्य मनात आणावे लागेल, आणि चौथ्या बुडीला रंगारी घाबरला असेल तर भीतीचा एक थर त्या वस्त्रात कायमचा राहील. तांबड्यासाठी तुरटी लागते, तशी भावना धरून ठेवायलाही काहीतरी लागेल. उपवास म्हणा, मौन म्हणा. रंग विटला की भावनाही विटेल, म्हणून जुने राजे आपली वस्त्रे अंधारात ठेवतील. एकावर दुसरा रंग चढवला तर खालची भावना पुसली जाते की वरच्यात मिसळते, हा प्रश्न विद्वानांच्या भांडणासाठी मोकळा सोडावा. कारागिरीच्या मर्यादा जादूला लावल्या की तिची वेगळी नियमावली करत बसावे लागत नाही, आणि वाचकालाही पुढे काय घडू शकते याचा अंदाज बांधता येतो.

अर्थ आता द्यावेत. रंग आणि भावना यांची जोडी सगळीकडे एकच असते असे धरून चालू नये. भरतमुनींनी रसांना रंग नेमून दिले तेव्हा रौद्राला रक्तवर्ण दिला, जो आजही पटतो. पण शृंगाराला श्याम, हास्याला शुभ्र आणि करुणाला कबुतराचा करडा रंग दिला. आजच्या वाचकाने शृंगाराला श्याम सहसा निवडला नसता. आपल्या जगातल्या जोड्याही अशाच, त्या जगाच्या उजेडातून आणि धंद्यातून निघालेल्या असाव्यात. गुहेत तांबडा म्हणजे क्रोध असण्याचे कारण नाही. तेथे तो पुराव्याचा, शब्द पाळण्याचा रंग असेल, आणि लग्नाची वेळही त्याच घटकेतली धरली जाईल.

प्रत्यक्ष लिहिताना ही सगळी तयारी वाचकापुढे ओतू नये. निवेदन कोणाच्या डोळ्यांतून चालले आहे, त्यावरून रंगांचे शब्द निवडावेत. गुहेत वाढलेले पात्र वस्तूंचे वर्णन उजळ, गडद, चकचकीत, मळकट अशा शब्दांत करील आणि तांबडा हा शब्द क्वचितच उच्चारील. पठारावरच्या रंगाऱ्याला मात्र एकाच तांबड्याच्या दहा छटांना दहा नावे देता आली पाहिजेत. शेवटची तपासणी म्हणून कथेतले एखादे वस्त्र निवडून त्याचा प्रवास कागदावर मांडावा: द्रव्य कोणी गोळा केले, ते कोणी रंगवले, विकत कोणी घेतले, ते कोणत्या उजेडात नेसले गेले, किती वर्षांनी विटले आणि विटल्यावर कोणाच्या अंगावर गेले. यांतल्या ज्या प्रश्नाला उत्तर मिळत नाही, विद्येचा तेवढा भाग रचायचा राहिलेला असतो.